फाटकापासून तुळशी वृंदावनापर्यंत 30 फुटांची वाट: सरळ की वळणाची, आणि फरशी कोणती?

सरळच ठेवा. तीस फुटांत वळण घातलं आणि वृंदावन समोर दिसतच राहिलं, तर माणसं गवतातून आडवी जातात आणि महिन्याभरात पायवाट पडते. वळण हवंच असेल तर आतल्या बाजूला जास्वंद किंवा अनंत असं छातीएवढं झुडूप लावा, म्हणजे वळायला कारण मिळतं.

पण वाटेआधी वृंदावनाची जागा पक्की करा. तिथे एक ड्रम उभा करून त्यावर लाल कापड टाका आणि फाटकातून, ओट्यावरून, बसून आणि उभं राहून बघा. दोन फुटी वृंदावन इतक्या लांबून झाडांत बुडतं. चौथऱ्यासकट चार फूट उंची हवी. मागे पांढरी भिंत असेल तर पांढरं वृंदावन दिसणारच नाही. गेरूचा रंग आणि मागे हिरवी मेंदीची कुंपणरांग, हे मला सगळ्यात उठून दिसणारं वाटतं.

रुंदी चार फूट, म्हणजे दोघं शेजारी चालतील. वृंदावनाभोवती प्रदक्षिणेला अडीच फूट मोकळे ठेवा. फक्कीने (पांढऱ्या भुकटीने) रेघा मारून दोन दिवस त्यावरून चालून बघा, मगच खोदा.

सहा इंच खोदा. खाली चार इंच मुरूम, पाणी मारून दोन थरांत धुम्मस करून, म्हणजे ठोकून घट्ट बसवून. त्यावर दीड इंच कच (दगडाचा बारीक चुरा), मग फरशी. ती मातीपेक्षा इंचभर वर राहील. 120 चौरस फुटांना मुरूम, ठोकून बसतो ते धरून, अर्धा ब्रास लागतो (एक ब्रास म्हणजे 100 घनफूट). काळी माती असेल तर आणखी सहा इंच काढून तिथेही मुरूमच भरा, म्हणजे सव्वा ब्रास. ही माती पावसात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते आणि फरशी उचलते. बहुतेक वाटा इथेच बिघडतात.

फरशी खडबडीत शहाबादी घ्या. पॉलिश केलेला कोटा पावसात शेवाळ धरतो आणि सकाळी पाणी घालायला जाणारं माणूस त्यावर घसरतं. चार फुटांत एका बाजूला एक इंच उतार द्या, तो वृंदावनाकडे नको, नाहीतर चौथऱ्याच्या पायाशी चिखलाचं डबकं साचतं. कडेला विटा उभ्या गाडा, नाहीतर कच वाहून जाऊन फरशा डुगडुगतात.

लांब फरश्या वाटेच्या दिशेने लावल्या की नजर थेट वृंदावनावर जाते. आडव्या लावल्या की पाऊल मंदावतं. शेवटचे पाच फूट आडव्या लावा.