भरतवाक्य म्हणजे नुसता शेवट नव्हे

प्रश्न असा आलाय: ऑफिसातल्या निवृत्तीच्या कार्यक्रमात निवेदिका म्हणाली, "आता साहेबांचं भाषण, हेच आजचं भरतवाक्य". हे बरोबर आहे का? आणि भाषणाचं शेवटचं वाक्य लोकांच्या डोक्यात पक्कं बसलं तर त्याला भरतवाक्य म्हणता येईल का?

पहिल्याचं उत्तर नाही. हा शब्द हल्ली जिथे तिथे ऐकू येतो आणि दर वेळी चुकीचा. खेळाडूच्या कारकिर्दीचं भरतवाक्य, युतीचं भरतवाक्य, मालिकेचं भरतवाक्य. अहो शेवट म्हणायचंय तर शेवट म्हणा, अखेर म्हणा, सांगता, समारोप म्हणा, मराठीत काय कमी शब्द आहेत का? काही जण तर 'भारतवाक्य' लिहितात, आणि ते देशाबद्दलचं वाक्य आहे असं समजून ठोकून देतात. नाटकाच्या सुरुवातीच्या नांदीचं असंच झालं. नांदी नन्द् धातूवरून, आनंदाची, आशीर्वादाची, आणि आपण खुशाल 'युद्धाची नांदी' म्हणतो. ती लढाई आता हरल्यात जमा आहे पण भरतवाक्य अजून वाचवता येईल.

नाटकाच्या अखेरचा मंगल श्लोक हा अर्थ कुठल्याही कोशात मिळेल, त्यावर वेळ घालवत नाही. खरी मजा त्यातल्या 'भरत' या शब्दात आहे. हा भरत कोण? रामाचा भाऊ नाही, शकुंतलेचा मुलगाही नाही. फॉरवर्डमधून फिरणारं भाव-राग-ताल म्हणजे भ-र-त हेही नाही, ती नंतर बसवलेली जुळणी आहे, व्युत्पत्ती नव्हे. बरेच विद्वान सांगतात की भरतमुनींच्या सन्मानार्थ म्हटलेला श्लोक म्हणून भरतवाक्य. मला हे अजिबात पटत नाही. मुनींच्या सन्मानार्थ म्हणता, मग त्या श्लोकांत मुनींचं नाव कुठाय? खुद्द भरतमुनींच्या नाट्यशास्त्रात या अंगाचं नाव 'प्रशस्ति' आहे, निर्वहण संधीच्या म्हणजे नाटकाच्या शेवटच्या टप्प्याच्या चौदा अंगांतलं शेवटचं, राजा आणि देश यांना शांती मागणारं. मग भरतवाक्य हा शब्द आला कुठून?

अमरकोश हा जुना संस्कृत शब्दकोश उघडा. नटांची नावं देताना अमरसिंह सांगतो, "भरता इत्यपि नटाः". भरत म्हणजे नट, सरळ सामान्यनाम. धातू भृ, धारण करणं, जो भूमिका धारण करतो तो भरत. म्हणजे भरतवाक्य हे नटांचं वाक्य. आतापर्यंत जे बोलले ते शाकुंतलातला दुष्यंत बोलला, मुद्राराक्षसातला राक्षस नावाचा मंत्री बोलला, आता पात्र बाजूला ठेवून नट स्वतः समोर बसलेल्या लोकांसाठी काहीतरी मागतात. माझ्या मते तर ही मुळात हस्तलिखितातली रंगसूचनाच असावी, की इथून पुढचं पात्राचं नाही, मंडळींचं.

याला पुरावा काय म्हणाल तर विशाखदत्ताचं मुद्राराक्षस घ्या. शेवटच्या श्लोकात पृथ्वीचं रक्षण कुणी करावं, तर काही हस्तलिखितांत 'पार्थिवश्चन्द्रगुप्तः', काहींत अवन्तिवर्मा, काहींत दन्तिवर्मा, काहींत रन्तिवर्मा. आपल्या मुंबईच्या काशिनाथ त्र्यंबक तेलंगांनी हे नाटक संपादलं तेव्हापासून पंडित लोक या नावांवरून विशाखदत्ताचा काळ ठरवायला भांडतायत, यातला अवन्तिवर्मा मौखरी घराण्यातला की काश्मीरचा वगैरे. मला वाटतं हे भांडणच उलटं आहे. चंद्रगुप्त हे नाटकातलं पात्र, बाकीचे राजे नाटकात कुठेच नाहीत. ज्या राजाच्या राज्यात प्रयोग, त्याचं नाव मंडळी त्या जागी घालत असणार! बाकी नाटकाला हात न लावता याच ओळीत नाव फिरतं, कारण ती ओळ नटांच्या हक्काची. भासाने तर नावाची भानगडच ठेवली नाही, स्वप्नवासवदत्ताच्या अखेरीस 'राजसिंहः प्रशास्तु नः' म्हटलं, राजसिंह कुणालाही चालतो. (तो एक विशिष्ट राजा होता असं मानून त्याला शोधायला निघालेलेही आहेत, असो.)

आणि शाकुंतल. मारीच ऋषी दुष्यंताला विचारतात, अजून तुझं काय प्रिय करू, आणि मग तो श्लोक येतो, "प्रवर्ततां प्रकृतिहिताय पार्थिवः", राजा प्रजेच्या हितासाठी झटो, सरस्वतीचा मान वाढो, आणि शेवटी "ममापि च क्षपयतु नीललोहितः पुनर्भवं", माझाही पुनर्जन्म शंकर संपवो. आता सांगा, ज्या माणसाला आत्ता कुठे बायको परत मिळालीय, पोटचा मुलगा पहिल्यांदा कडेवर घेतलाय, तो त्याच क्षणी मोक्ष मागेल? शिकवणारे म्हणतात हा कालिदास स्वतः बोलतोय, शैव होता ना. बोलत असेल, पण तोंड नटाचं आहे हे का विसरता! याज्ञवल्क्यस्मृतीत एक श्लोक आहे, "यथा हि भरतो वर्णैर्वर्णयत्यात्मनस्तनुम्", भरत म्हणजे नट जसा रंगांनी अंग रंगवून नाना रूपं घेतो तसा आत्मा कर्माने मिळणारी शरीरं घेतो. तिथेही भरतच आणि विषयही पुनर्जन्माचाच. म्हणजे जो प्रत्येक प्रयोगाला नवा जन्म घेतो तो रंग उतरवायच्या आधी म्हणतोय की आता माझा पुन्हा जन्म नको. मला तरी संस्कृतात यापेक्षा सुंदर शेवटची ओळ माहीत नाही आणि 'भरत म्हणजे मुनी' धरलं की हा सगळा अर्थ हातचा जातो.

आता कुणी म्हणेल की मग नाटकाबाहेर हा शब्द वापरूच नये. तेही चूक. मोरोपंतांच्या केकावलीच्या अखेरीकडे "सुसंगति सदा घडो, सुजनवाक्य कानी पडो, कलंक मतिचा झडो, विषय सर्वथा नावडो" येतं, दहावीच्या पुस्तकात ते 'भरतवाक्य' या नावानेच होतं. केकावली काय नाटक आहे? नाही. पण घडो, पडो, झडो ही क्रियापदं बघा. पसायदानात व्यंकटी सांडो, रती वाढो, तिमिर जावो, जो जे वांछील तो ते लाहो. संस्कृतात प्रवर्तताम्, प्रशास्तु, अवतु, मराठीत हे 'ओ'कारान्त रूप. बोलण्यातून ते जवळजवळ गेलंय, 'देव भलं करो' नाहीतर शिव्याशापात 'आग लागो' एवढंच उरलंय, म्हणून ते कानावर पडलं की माणूस अजूनही सावरून बसतो. यमक तर आहेच, पण मागणं आहे आणि तेही ऐकणाऱ्यासाठी, म्हणून या ओळी तोंडात राहतात. आणि आपले वक्ते काय करतात, तर "एवढं बोलून मी माझे दोन शब्द संपवतो". म्हणजे शेवटी सांगायचं काय, तर शेवट झाला एवढंच. चांगलं रंगलेलं भाषणसुद्धा त्या वाक्याने विझतं, हे बघून जीव तुटतो खरंच.

तर तुमचा दुसरा प्रश्न. नुसतं लक्षात राहिलं म्हणून भरतवाक्य होत नाही, टाळ्या घेणारी शेवटची ओळ वेगळी. साहेबांनी जाता जाता "माझ्यानंतर या टेबलावर कुणाची फाईल अडकून न राहो" असं काही म्हटलं असेल तर ते खुशाल भरतवाक्य म्हणा, त्यात खुर्चीवरचा साहेब बाजूला होऊन माणूस बोलतोय. पण मग भरतवाक्य तेवढं एकच वाक्य, अख्खं भाषण नव्हे, आणि निवेदिकेने ते भाषणाच्या आधी जाहीर करायचं काही कारण नव्हतं.