लढाई तिकडे, काळजी इथे

तुम्ही लिहिलंय की सोलापुरात अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या मागावर आहात, पाळी सुटल्यावरही तांबड्या समुद्रातल्या जहाजांवरच्या हल्ल्यांच्या बातम्या रात्रभर बघता, आणि घरी बोलायची लाज वाटते, कारण माणसं तिकडे मरतायत आणि तुम्हाला पगाराची पडलीय.

दादा, लाज कसली? त्या माणसांसाठी जीव तुटतो आणि किराण्याचीही चिंता लागते, दोन्ही खरंच आहे. मी याच धंद्यात आयुष्य काढलंय, तुमची भीती मला खोटी वाटत नाही.

पण ती भीती कशाची, ते नीट समजून घ्या. मुंबईजवळच्या न्हावा शेवा बंदरातून युरोपला जाणाऱ्या मालाची नेहमीची वाट तांबड्या समुद्रातून सुएझ कालव्याने. नोव्हेंबर 2023 पासून येमेनमधल्या हुथी बंडखोरांनी त्या वाटेवर जहाजांवर हल्ले सुरू केले, तेव्हा मोठ्या कंपन्यांनी जहाजं आफ्रिकेला वळसा घालून नेली. दहा-पंधरा दिवस जादा, भाडं जादा, विमा जादा. माल उशिरा पोचला की पैसे उशिरा येतात, इकडे सूतवाला थांबत नाही, मग मालक आधी रात्रपाळी बंद करतो. अशा वेळी ऑर्डर असते, रोकड अडकलेली असते. ऑर्डरच रद्द झाली तर गोष्ट वेगळी, तिथे धोका खरा.

दोन्हींतलं काय चाललंय ते मोबाईल सांगणार नाही, कारखाना सांगेल. सुताची गाडी नेहमीसारखी येते का? स्टिकर लावून बांधलेले खोके पॅकिंगमध्ये किती दिवस पडून आहेत? शिलाईच्या बायका लवकर घरी जायला लागल्या का? मला विचाराल तर काम कमी झाल्याची पहिली खूण हीच. आणि दिवाणजींना सरळ विचारा, "माल परदेशी की देशी मार्केटचा?" देशी मालावर समुद्राचा फटका लगेच बसत नाही.

घरी मात्र आजच बोला. सोलापूरच्या पूर्व भागात विड्या वळून घर चालवलेल्या बायकांनी माग बंद पडलेले आपल्याइतकेच पाहिलेत. तुम्ही गप्प राहिलात तर त्या याहून वाईट काहीतरी धरून बसतील.

बातम्या संध्याकाळी एकदा बघा, पुरे.

आणि मालकाकडून नवी उचल आत्ता घेऊ नका. ती अंगावर असली की देशी माल काढणाऱ्या दुसऱ्या कारखान्यात जागा निघाली तरी तुम्हाला हलता येणार नाही.