अमेरिकी सैन्यातील सेवेवरून नागरिकत्व घेताना: शपथेआधी ठरवायच्या गोष्टी

प्रश्न (थोडक्यात): मी मूळचा सातारा जिल्ह्यातला आहे. पत्नी अमेरिकी नागरिक असल्यामुळे मला दीड वर्षापूर्वी ग्रीन कार्ड मिळाले आणि गेल्या वर्षी मी अमेरिकी लष्करात साधा सैनिक म्हणून भरती झालो. सैनिकाला नागरिकत्व आपोआप मिळते, असे सोबतचे लोक सांगतात आणि युनिटमधूनही अर्ज भरण्याचा आग्रह होत आहे. गावी वडील आजारी असून त्यांच्या नावावर साडेतीन एकर जमीन आहे. नागरिकत्व घेऊन नंतर ओसीआय कार्ड (परदेशी नागरिक झालेल्या भारतीय वंशाच्या व्यक्तीला भारतात व्हिसाशिवाय ये-जा करू देणारे कार्ड) काढावे, असा माझा विचार आहे. त्यात काही अडचण आहे का?

उत्तर: अडचण आहे, आणि ती आपण गृहीत धरलेल्या शेवटच्या टप्प्यावरच आहे. परदेशी सैन्यात सेवेत असलेल्या किंवा तेथून निवृत्त झालेल्या व्यक्तीला ओसीआय कार्ड मिळत नाही, असे भारताच्या गृह मंत्रालयाच्या ओसीआयविषयक सूचनांत स्पष्ट म्हटले आहे. हा निर्बंध आपल्या सैनिकी सेवेशी जोडलेला असल्यामुळे, नागरिकत्व सैन्यामार्फत न घेता पत्नीच्या नात्याने घेतले तरी तो टळत नाही. आपण भारतीय नागरिक आहात तोपर्यंत हा प्रश्न उद्भवत नाही. मात्र अमेरिकेची शपथ घेतल्यावर आपण भारतीय नागरिकही नसाल आणि ओसीआयधारकही होऊ शकणार नाही. परदेशातल्या आपल्या लोकांत ओसीआय ही जणू हक्काचीच गोष्ट मानली जाते, त्यामुळे ही माहिती अनेकांना शपथविधी उरकल्यावरच कळते. आपण आधी विचारलेत, हे फार बरे झाले.

आता अमेरिकेच्या बाजूने पाहू. नागरिकत्व आपोआप मिळत नाही. त्यासाठी अर्ज, मुलाखत, इंग्रजी व नागरिकशास्त्राची परीक्षा आणि शपथ हे सर्व टप्पे सैनिकालाही पार करावे लागतात. १९५२ च्या इमिग्रेशन अँड नॅशनॅलिटी ॲक्टमध्ये सैनिकांसाठी दोन स्वतंत्र तरतुदी आहेत. कलम ३२८ शांतताकाळातील सेवेसाठी असून त्यात किमान एक वर्षाची सन्माननीय सेवा लागते. कलम ३२९ संघर्षकाळातील सेवेसाठी आहे आणि आपल्याला तेच लागू पडते, कारण राष्ट्राध्यक्ष जॉर्ज डब्ल्यू. बुश यांनी जुलै २००२ मध्ये काढलेल्या आदेशाने ११ सप्टेंबर २००१ पासूनचा काळ संघर्षकाळ म्हणून घोषित झाला आणि तो आदेश अद्याप संपुष्टात आलेला नाही. या कलमाखाली अमेरिकेतील वास्तव्याच्या ठरावीक वर्षांची अट नाही आणि एन-४०० या नागरिकत्वाच्या अर्जाचे शुल्कही नाही. मात्र अर्जासोबत एन-४२६ हा फॉर्म लागतो, ज्यावर आपली सेवा सन्माननीय असल्याचे लष्कराने प्रमाणित केलेले असते. ही सही किती दिवसांच्या सेवेनंतर मिळावी यावरून न्यायालयात वाद झाले आहेत आणि नियम बदलत राहिले आहेत, म्हणून सध्याचा नियम आपल्या तळावरील लीगल असिस्टन्स ऑफिसमधून तपासून घ्यावा. तेथील वकिलाचा सल्ला सैनिकाला विनामूल्य मिळतो.

सैनिकी सेवेवरून मिळालेले नागरिकत्व ही हिंदुस्थानी माणसासाठी एके काळी किती डळमळीत गोष्ट होती, याची आठवण येथे ठेवावीशी वाटते. भगतसिंग थिंद पहिल्या महायुद्धात अमेरिकी सैन्यात होते. डिसेंबर १९१८ मध्ये गणवेशातच त्यांना नागरिकत्व मिळाले आणि चार दिवसांत ते काढून घेण्यात आले. पुन्हा मिळालेले नागरिकत्व १९२३ मध्ये, हिंदुस्थानी माणूस कायद्याने ‘गोरा’ ठरत नाही या तेथील सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने धोक्यात आले, आणि पहिल्या महायुद्धातील आशियाई सैनिकांसाठी १९३५ मध्ये वेगळा कायदा झाला तेव्हा कुठे, १९३६ मध्ये, ते कायमचे अमेरिकी नागरिक झाले. आज वंशाचा अडसर उरलेला नाही, परंतु एक अट अजूनही आहे: सेवेवरून नागरिकत्व मिळाल्यानंतर, एकूण पाच वर्षांची सन्माननीय सेवा पूर्ण होण्याआधी सन्माननीय नसलेल्या कारणाने सैन्यातून काढले गेल्यास ते नागरिकत्व रद्द होऊ शकते. करार संपल्यावर सन्मानाने बाहेर पडणाऱ्याला याची भीती नाही.

मग शपथ घ्यावी का? माझे मत घ्यावी असेच आहे, परंतु आत्ताच घाई करू नये. नागरिक नसलेल्या सैनिकाला अधिकारी होता येत नाही आणि सुरक्षा मंजुरी लागणारी कामे त्याच्यासाठी बंद राहतात. त्याहून गंभीर बाब म्हणजे ग्रीन कार्डधारकाला, मग त्याने गणवेश घातलेला असो, एखाद्या गुन्ह्यातील शिक्षेनंतर देशाबाहेर काढता येते, आणि अशा माजी सैनिकांना काढलेही गेले आहे. आपली पत्नी तेथे असताना हा धोका कायम डोक्यावर ठेवणे मला योग्य वाटत नाही. उलट, थोडे थांबण्यात कायद्याच्या दृष्टीने फारसे नुकसान नाही. सन्माननीय सेवामुक्तीनंतरही डीडी-२१४ या दाखल्याच्या आधारे कलम ३२९ खाली अर्ज करता येतो. म्हणून वरिष्ठांची रीतसर परवानगी व रजा घेऊन, भारतीय पासपोर्टवर एकदा वडिलांना भेटून या, तेथील कागदपत्रांची व्यवस्था लावा आणि मग एन-४०० भरा. अर्ज मंजूर झाल्यावर शपथविधीला गैरहजर राहून वेळ काढण्याचा मार्ग मात्र पत्करू नका, कारण वारंवार गैरहजर राहिल्यास आपण अर्ज सोडून दिला असे मानले जाते.

जमिनीबाबत आपली काळजी समजण्यासारखी आहे, पण ती बरीचशी दूर होण्याजोगी आहे. भारतात राहणाऱ्या व्यक्तीकडून वारसाहक्काने आलेली स्थावर मालमत्ता परदेशस्थ व्यक्तीला धारण करता येते, अशी तरतूद फेमा (परकीय चलन व्यवस्थापन) कायद्याच्या कलम ६(५) मध्ये आहे आणि त्यासाठी ओसीआय असणे आवश्यक नाही. वडिलांच्या पश्चात सातबाऱ्यावर आपले नाव वारस म्हणून लागू शकते. बहीण असल्यास तिचा हक्क आपल्याइतकाच आहे. जे करू नये ते असे: वडिलांनी हयातीत आपल्या नावे बक्षीसपत्र करू नये आणि आपण नव्याने शेतजमीन विकत घेऊ नये, कारण परदेशस्थ व्यक्तीला हे दोन्ही मार्ग आजही बंद आहेत. वडिलांनी नोंदणीकृत मृत्युपत्र करून ठेवणे सर्वांत सुरक्षित. पुढे जमीन विकायची वेळ आलीच तर कूळकायद्याच्या कलम ६३ मुळे खरेदीदार शेतकरी असावा लागेल. तलाठी कार्यालयातील कामांसाठी विश्वासातील नातेवाइकाला कुलमुखत्यारपत्र द्यावे. ते अमेरिकेत केल्यास त्यावर अपोस्टिल (कागद दुसऱ्या देशात ग्राह्य धरला जावा म्हणून दिले जाणारे सरकारी प्रमाणन) घ्यावे आणि भारतात पोहोचल्यापासून तीन महिन्यांच्या आत मुद्रांक भरावा.

शपथविधीच्या दिवशी एन-४४५ या फॉर्मवर मुलाखतीनंतर काय बदलले, याची खरी उत्तरे द्यावी लागतात, ग्रीन कार्ड परत करावे लागते आणि शपथ झाल्यावर प्रमाणपत्र हाती येते. त्यावरील नाव सही करण्यापूर्वी अक्षर न् अक्षर तपासा. आपल्याकडे मधले नाव वडिलांचे असते आणि ते कागदोपत्री कधी गळते, कधी आडनावाला चिकटते, आणि ही चूक पुढे भारतीय दूतावासात प्रत्येक अर्जाला आडवी येते. अर्ज मंजूर झाला म्हणून नागरिकत्व मिळत नाही, ते शपथेच्या क्षणी मिळते. त्याच क्षणी भारताच्या नागरिकत्व कायदा, १९५५ च्या कलम ९ नुसार आपले भारतीय नागरिकत्व संपते. कोणी नोटीस पाठवत नाही आणि पासपोर्ट काढूनही घेत नाही. पासपोर्टची मुदत शिल्लक दिसते म्हणून त्यावर प्रवास केल्यास पासपोर्ट कायद्याखाली कारवाई होऊ शकते. तो दूतावासाच्या अधिकृत सेवा केंद्रामार्फत परत करून सरेंडर सर्टिफिकेट घ्यावे, कारण पुढच्या व्हिसासाठी ते मागितले जाते. व्हिसाच्या अर्जात सैनिकी सेवेविषयी थेट प्रश्न असतो; त्याचे उत्तर खरे द्यावे. वडिलांच्या प्रकृतीचा विचार करता शपथ झाल्यानंतर अमेरिकी पासपोर्ट आणि दीर्घ मुदतीचा व्हिसा हे दोन्ही अर्ज लागोपाठ करावेत, म्हणजे तातडीने निघायची वेळ आली तर कागदपत्रांवाचून अडकून पडावे लागणार नाही.