साक्षीदार नसलेला शब्द

प्रश्न : चोपडा तालुक्यात आमची नऊ एकर जमीन आहे. आमच्याकडे एकाच सालदाराने सत्तावीस वर्षे काम केले. दर आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, त्याचे साल नव्याने ठरत असे आणि दर वर्षी तो आमच्याकडेच राहत असे. नाल्याकडचा खडकाळ तुकडा फोडून तेथे केळी उभी राहिली, ती त्याच्या हातांनी. त्याने सालाची रक्कम वाढवून मागितली की वडील म्हणत, ‘यंदा जमत नाही, पण गावाजवळच्या आपल्या जागेतला घरापुरता तुकडा तुझ्या नावावर करून देईन.’ हे मी लहानपणापासून अनेकदा ऐकले आहे. कागद मात्र कधीच झाला नाही. तीन वर्षांपूर्वी तो वारला आणि गेल्या पावसाळ्यात वडील गेले. त्याच्या पत्नीला या शब्दाची कल्पना नाही, हे तिच्या बोलण्यावरून मला कळले. थोरला भाऊ म्हणतो की बाबांचा शब्द बाबांबरोबर गेला. न्यायालयात यातले काही टिकणार नाही, गावात कोणाला ठाऊक नाही आणि मी देव मानत नाही. तरीही मन स्वस्थ नाही. ही अस्वस्थता केवळ लहानपणच्या संस्कारांची असेल, तर मी तिचे का ऐकावे? मला बांधणारे नेमके कोण आहे?
— एक वाचक, चोपडा तालुका

उत्तर : ‘हे केलेच पाहिजे’ असे आपण म्हणतो तेव्हा त्या ‘च’मागे कोणाचे तरी बळ असावे, असे आपण गृहीत धरतो. ते बळ कायद्याचे असते, चारचौघांच्या नजरेचे असते किंवा देवाचे असते. तुमच्या बाबतीत ही तिन्ही बळे परिस्थितीनेच काढून घेतली आहेत, आणि तरीही काहीतरी शिल्लक उरले आहे असे तुम्ही प्रामाणिकपणे लिहिता. त्या उरलेल्या गोष्टीचा विचार नीट करायला हवा.

प्रथम कायद्याकडे पाहू. वडिलांचे कर्ज फेडणे हे मुलाचे धर्मकर्तव्य आहे, हे जुन्या हिंदू धर्मशास्त्रातले तत्त्व आपल्या न्यायालयांनी दीर्घकाळ अमलात आणले. हिंदू उत्तराधिकार कायद्यात 2005 साली जी दुरुस्ती झाली, तिने त्या वर्षीच्या 9 सप्टेंबरनंतर काढलेल्या कर्जांपुरते हे तत्त्व बाजूला केले. केवळ धर्मकर्तव्याच्या आधारावर मुलगा, नातू किंवा पणतू यांच्याकडून वसुली मागता येणार नाही, असे तिने ठरवले. (वडिलांनी मागे ठेवलेल्या मालमत्तेवर त्यांच्या देण्याचा भार असतो, ती गोष्ट वेगळी.) आता, कर्तव्याचा उगम कायद्यात असता तर त्या दिवशी महाराष्ट्रातील सगळ्या मुलांच्या मनावरचे ओझे एकदम उतरायला हवे होते. तसे झाले नाही, कारण कायद्याने मागे घेतला तो न्यायालयाचा हात होता. हातउसन्या पैशांचेही असेच आहे. साधारणपणे तीन वर्षांची मुदत उलटली की दावा चालत नाही, पण मुदतीने दाव्याचा मार्ग बंद होतो, देणे नाहीसे होत नाही, असेच कायदा मानतो. म्हणूनच मुदतबाह्य कर्ज फेडण्याचे वचन देणेकऱ्याने लेखी देऊन त्यावर सही केली, तर 1872 च्या करार कायद्यानुसार ते वचन पुन्हा बंधनकारक ठरते. जे मेले होते त्यावर सही करून कोणी त्याला जिवंत करू शकत नाही, म्हणजे काहीतरी जिवंत होतेच.

तुम्ही देव मानत नाही, याने प्रश्न अधिक अवघड होतो असे तुम्हाला वाटते. मला तसे वाटत नाही. आपल्या परंपरेत ‘विधी’, म्हणजे ‘हे करावे’ अशी आज्ञा, याचा सर्वांत बारकाईने विचार मीमांसकांनी, म्हणजे वेदवाक्यांचा अर्थ लावणाऱ्या पंडितांनी केला, आणि ते तर जगाचा कर्ता ईश्वर मानतच नव्हते. वेद त्यांच्या मते अपौरुषेय, म्हणजे कोणीही न रचलेले. आज्ञा आहे आणि आज्ञा करणारा कोणी नाही, असे त्यांचे चित्र होते. मग अशी आज्ञा माणसाला हलवते कशी, यावर त्यांच्यातच वाद झाला. कुमारिलभट्टांचे म्हणणे प्रसिद्ध आहे : प्रयोजनमनुद्दिश्य न मन्दोऽपि प्रवर्तते, हेतू नसेल तर मंदबुद्धीचा माणूसही कामाला लागत नाही. प्रभाकरांच्या पक्षाने मात्र असे मानले की ‘हे कार्य आहे’, ‘हे करायचे आहे’ हे उमगणे एवढेच प्रवृत्तीला पुरेसे आहे. हा वाद यज्ञकर्माविषयीचा होता आणि मी त्याचा आकार तेवढा उसना घेतो आहे, याची मला जाणीव आहे. पण तुमच्या पत्रापुरते मला प्रभाकरांचे म्हणणे खरे वाटते. जागा देऊन तुम्हाला काही मिळणार नाही, न दिल्याने काही बिघडणार नाही, आणि तरी ‘हे देणे आहे’ हे तुम्हाला उमगलेले आहे.

आपल्या खान्देशात, अमळनेरला, श्रीमंत प्रताप शेठ यांच्या पुढाकाराने 1916 साली तत्त्वज्ञान मंदिर उभे राहिले आणि तेथे वेदान्ताबरोबर पाश्चात्त्य तत्त्वज्ञानाचाही कसून अभ्यास झाला. त्या पाश्चात्त्य विचारवंतांपैकी कांट यांनी 1785 मध्ये असे मांडले की नीतीचा नियम बाहेरून येत नाही, विवेकशील माणूस तो स्वतःच स्वतःला घालून देतो. हे उत्तर उदात्त आहे आणि मी अनेक वर्षे त्यावरच समाधानी होतो. पण सोप्या रूपात घेतले तर त्यात एक अडचण येते : गाठ मीच मारली असेल तर ती मीच सोडू शकेन. दिलेल्या शब्दाच्या बाबतीत तसे चालत नाही. देणेकऱ्याने मनाशी कितीही ठरवले तरी देणे माफ होत नाही. माफ करण्याचा अधिकार ज्याला शब्द दिला त्याच्याकडेच असतो. तुम्हाला बांधणारे कोण, या प्रश्नाचे माझे उत्तर येथे आहे. आज्ञा देणारा शोधत तुम्ही वर पाहता आहात. सत्तावीस वर्षे राबलेला एक माणूस तुमच्या बाजूला उभा होता, दर आखाजीला तो वाढीव रक्कम सोडून देत होता, आणि ती एका शब्दाच्या भरवशावर सोडत होता. हा भरवसाच तुम्हाला बांधतो. त्यामागे आणखी एखादी सत्ता उभी केल्याने त्याचे वजन वाढत नाही.

आता संस्कारांविषयी. पाढे आपल्याला गुरुजींनी, कित्येकांना तर छडीच्या धाकाने शिकवले. म्हणून सात आठे छप्पन्न हे छडीमुळे खरे ठरत नाही. एखादी गोष्ट आपल्यापर्यंत कशी पोचली आणि ती खरी का आहे, हे दोन निराळे प्रश्न आहेत. मात्र तुमच्या शंकेत एक गंभीर बाजूही आहे. आपल्याच आजोबा-पणजोबांची मने दलिताने पाणवठ्याला हात लावला म्हणून अस्वस्थ होत होती, आणि तेही संस्कारच होते. साने गुरुजी, ज्यांनी अमळनेरला शिक्षक म्हणून काम केले, त्यांनी 1947 च्या मे महिन्यात पंढरपूरचे मंदिर दलितांना खुले व्हावे म्हणून उपोषण केले, तेव्हा समोर उभ्या असलेल्या लोकांचे मनही ‘हे होऊ नये’ असेच सांगत होते. तेव्हा मनाची अस्वस्थता स्वतःच पुरावा होऊ शकत नाही. तिच्यामागे असलेले कारण ज्याला त्याची झळ बसते त्याच्या तोंडावर सांगता येते का, हे पाहावे लागते. मंदिराचे दार बंद ठेवणाऱ्याला दलिताच्या डोळ्यांत पाहून सांगता येईल असे कारण नव्हते. तुमच्या भावाला ‘शब्द बाबांबरोबर गेला’ हे त्या बाईंसमोर बसून सांगता येईल का, एवढे त्यांनाच विचारा.

तुमच्या भावाच्या बाजूने एक भक्कम आधार आहे, आणि तो लपवणे योग्य होणार नाही. मनुस्मृतीने मुलावर बापाची सगळी देणी टाकलेली नाहीत; जुगाराचे, मद्याचे कर्ज आणि ‘वृथादान’, म्हणजे उगाच देऊ केलेले दान, मुलाने फेडू नये असे ती सांगते. भाऊ म्हणतील की बाबांनी उदारपणे बोललेले हे वृथादानच. पण तुम्ही लिहिले आहे तसे तो शब्द वाढीव मोबदल्याच्या जागी दिला जात होता. मग ते दान नव्हे, थकलेली मजुरी आहे. आणि ती मजुरी कोठे गेली? नाल्याकडच्या त्या तुकड्यात मुरली, जो आज तुम्हा दोघा भावांच्या ताब्यात आहे. वडील काही मागे न ठेवता गेले असते तर मी तुम्हाला कृतज्ञतेविषयी लिहिले असते, देण्याविषयी नव्हे. बापाचा शब्द केवळ बापाचा म्हणून मुलाला बांधतो असे मी मानत नाही. जमीन घेतली आणि तिच्यावरचे देणे मात्र नाकारले, हे बसत नाही.

यातून काय करायचे तेही थोडक्यात लिहितो. जागा दोघांच्या नावावर असेल तर भावाचा हिस्सा तुम्ही देऊ शकत नाही, आणि त्यांना अंधारात ठेवून काही करणे हे दुसरे देणे अंगावर घेण्यासारखे होईल. तुमच्या हिश्श्यापुरते मात्र तुम्ही मोकळे आहात. स्थावराचे दान नोंदणीकृत दस्ताशिवाय पुरे होत नाही, म्हणून बक्षीसपत्र करताना वकिलाचा सल्ला घ्या; जागा देणे शक्य नसेल तर तिच्या किमतीएवढी रक्कम द्या. पण हे सगळे नंतरचे. भावाला आधी सांगून त्या बाईंकडे जा आणि वडील काय म्हणत असत ते जसे ऐकले तसे त्यांना सांगा. शब्द स्वीकारायचा, सोडून द्यायचा की त्याऐवजी दुसरे काही मागायचे, हे ठरवणे त्यांच्या हाती आहे, आणि शब्द दिला होता हेच ठाऊक नसेल तर त्या काहीच ठरवू शकत नाहीत.