कोठीच्या किल्ल्या

चि. मुली,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र दोनदा वाचलं. तुझ्या वॉर्डातली बाळंतीण म्हणते, देवी उशाशी येऊन बसते. सासरचे म्हणतात, बाहेरचं झालंय. तू लिहिलेलं निदान, पोस्टपार्टम सायकोसिस म्हणजे बाळंतपणानंतर येणारं वेड, बरोबर आहे. हजारात एक-दोन बाळंतिणींना हा आजार होतो आणि औषधाला उशीर चालत नाही. गोळ्या चालूच ठेव. पण मला मार्जरी केंप आठवली, तिच्याबद्दल लिहिते.

इंग्लंडमधल्या लिन बंदरातली ही बाई. १३९० च्या दशकात तिचं पहिलं बाळंतपण फार जड गेलं. आपण आता वाचत नाही असं वाटून तिनं पाद्र्याला बोलावलं. वर्षानुवर्षं मनात दडवलेलं एक पाप सांगायचं होतं. ते ओठांवर येण्याआधीच तो तिच्यावर खेकसला. ती गप्प झाली ती झालीच, आणि तिथून तिला वेड लागलं. अर्धं वर्ष, आठ आठवडे आणि वर काही दिवस, असा हिशेब तिनंच म्हातारपणी सांगून लिहून घेतलाय. तोंडातून ज्वाळा ओकणारे सैतान दिसायचे. स्वतःच्या हाताला ती इतकी कडकडून चावली की वण जन्मभर राहिला. घरच्यांनी रात्रंदिवस बांधून ठेवलं.

एकदा जवळ कुणी नसताना जांभळ्या रेशमी झग्यातला ख्रिस्त तिच्या पलंगावर येऊन बसला. म्हणाला, मुली, मी तुला कधी सोडलं नाही, मग तू मला का सोडलंस? ती शांत झाली. नवरा आल्यावर तिनं कोठीच्या किल्ल्या मागितल्या. मोलकरणी म्हणाल्या, देऊ नका, असेल नसेल ते वाटून टाकेल. त्यानं दिल्या. मला तो माणूस फार आवडतो.

पुढे धर्मपंडितांनी विचारलं, दर्शन देवाचं की सैतानाचं? १९३४ मध्ये तिचं हस्तलिखित सापडल्यावर डॉक्टरांनी विचारलं, हिस्टेरिया की एपिलेप्सी? ती स्वतः मात्र सुरुवात करते त्या अर्धवट तोडलेल्या बोलण्यापासून.

तुझ्या वयाची असताना मीही एकीच्या पेपरवर पाच मिनिटांत 'धार्मिक भ्रम' लिहिलं होतं. घरी सोडायच्या दिवशी तिची आई बोलता बोलता म्हणाली, आधीची दोन बाळं गेली हो तिची. मी विचारलंच नव्हतं.

उद्या राउंड संपला की तुझ्या त्या बाळंतिणीपाशी स्टूल ओढून बस. देवी पहिल्यांदा आली त्याच्या आदल्या दिवशी घरात काय झालं होतं, ते विचार. मध्ये बोलू नकोस. बाळ तिच्या कुशीत असेल तर सिस्टरना जवळ थांबायला सांग.

तुझ्या,
मॅडम