जुन्या प्लेस्टेशनचे गेम संगणकावर: आधी फाइली, मग चित्र

तुमच्या तक्रारी तीन. डकस्टेशन, म्हणजे संगणकावर प्लेस्टेशनची नक्कल करणारा प्रोग्रॅम (एमुलेटर), उघडलं की 'बायोस सापडला नाही' येतं; बायोस म्हणजे कन्सोल सुरू करणारा त्याचा मूळ प्रोग्रॅम. स्वतःच्या डिस्कची आयएसओ (डिस्कची एका फाइलीतली कॉपी) बनवली तर गेम सुरू होतो, पण शर्यतीत गाणी वाजत नाहीत आणि मधले व्हिडिओ अडकतात. रेझोल्यूशन चौपट केलं तर भिंती आणि रस्ता डुगडुगतो. पहिल्या दोन तक्रारी फाइलींच्या आहेत, तिसरीच काय ती सेटिंगची. बहुतेक जण उलट्या क्रमाने जातात: आधी ग्राफिक्सची पन्नास बटणं फिरवतात, आणि चूक निघते डिस्कच्या कॉपीत.

बसवायचं काम पाच मिनिटांचं आहे. डकस्टेशनची झिप उघडून सगळं एका स्वतंत्र फोल्डरमध्ये टाका. 'प्रोग्रॅम फाइल्स'मध्ये टाकू नका, तिथे लिहिण्याची परवानगी नसल्याने सेटिंग आणि सेव्ह दोन्ही लटकतात. मुख्य प्रोग्रॅमशेजारी इंग्रजी स्पेलिंगने 'पोर्टेबल डॉट टीएक्सटी' नावाची रिकामी फाइल ठेवली की बायोस, मेमरी कार्ड, सेटिंग सगळं त्याच फोल्डरात राहतं. बॅकअप म्हणजे फोल्डर उचलून दुसरीकडे ठेवणं. विंडोज एक्स्टेन्शन लपवतं, त्यामुळे ही फाइल बनवताना तिच्या नावात टीएक्सटी दोनदा येतं आणि मग तिचा काहीच परिणाम होत नाही. एक्स्प्लोररमध्ये एक्स्टेन्शन दाखवायला सांगा आणि मगच नाव द्या.

आता बायोस. कन्सोलच्या बोर्डावरच्या रॉम चिपमधला हा मजकूर बरोबर ५१२ किलोबाइट, म्हणजे ५,२४,२८८ बाइटचा असतो. आकार थोडा जरी कमी असेल तर फाइल अर्धवट आहे, पुढे वेळ घालवू नका. बायोस कन्सोलच्या मॉडेल नंबरावरून ओळखतात: एससीपीएच-५५०० जपानचा, ५५०१ अमेरिकेचा, ५५०२ युरोपचा. ज्या प्रदेशाची डिस्क, त्या प्रदेशाचा बायोस, हे धोरण ठेवलं की निम्मे प्रश्न उद्भवतच नाहीत. फाइल न उलगडता झिपमध्येच ठेवली तरी 'सापडला नाही' हाच संदेश येतो. तुमच्याकडे तेच झालं असण्याची शक्यता जास्त वाटते. बायोसच्या फोल्डरमध्ये उघडी फाइल ठेवा आणि सेटिंगमधल्या बायोस पानावर ती दिसते का पाहा.

कायद्याचं थोडक्यात: अमेरिकेत सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या खटल्यात २००० साली अपील न्यायालयाने एमुलेटर बनवणाऱ्याच्या बाजूने निकाल दिला. पण बायोसचा मजकूर सोनीचाच आहे, म्हणून तो एमुलेटरबरोबर येत नाही. आपल्या कन्सोलमधून काढावा लागतो. ते जमण्यासारखं नसेल तर पीसीएसएक्स-रिडक्स या दुसऱ्या एमुलेटरच्या प्रकल्पातला ओपनबायोस मुक्त आहे. मात्र सगळे गेम त्यावर नीट चालतीलच असं धरून चालू नका.

खरी मेख डिस्कच्या कॉपीत आहे. सीडीवरचा एक कच्चा सेक्टर, म्हणजे डेटाचा एक तुकडा, २,३५२ बाइटचा असतो. आयएसओ त्यातले फक्त २,०४८ बाइट ठेवते, कारण साध्या डेटा सीडीला तेवढे पुरतात. प्लेस्टेशनच्या डिस्कवर मात्र व्हिडिओ आणि त्याबरोबरचा आवाज वेगळ्या प्रकारच्या सेक्टरांत असतो, ज्यात २,३२४ बाइट उपयोगाचे असतात. आयएसओ बनवताना त्यांची शेपटं छाटली जातात, म्हणून व्हिडिओ अडकतो. गाण्यांची गोष्ट आणखी सरळ आहे. रिज रेसरसारख्या गेममध्ये संगीत हे ऑडिओ सीडीसारखं स्वतंत्र ट्रॅकवर असतं, आणि आयएसओत ऑडिओ ट्रॅकला जागाच नसते. गाणी बिघडली नाहीत, ती कॉपीत आलीच नाहीत.

तेव्हा कॉपी बिन (डिस्कवरचा कच्चा डेटा) आणि क्यू (ट्रॅकची यादी) अशा जोडीत काढा. साधा सीडी-डीव्हीडी ड्राइव्ह चालतो, काळ्या रंगाच्या डिस्कही वाचतो. इमेजबर्न या डिस्क कॉपी करण्याच्या प्रोग्रॅममध्ये 'डिस्कपासून इमेज फाइल' निवडा. डिस्कचा प्रकार ओळखून तो स्वतःच बिन-क्यू बनवतो. ओरखडे असतील तर वाचण्याचा वेग ४ किंवा ८ पटीवर आणा. शक्य असेल तर एकाच ड्राइव्हवर दोनदा कॉपी काढून दोन्हींचे हॅश (फाइलीतल्या डेटावरून काढलेला ओळख-आकडा) ताडून पाहा. जुळले नाहीत तर ड्राइव्ह कुठेतरी अंदाजाने वाचतोय.

क्यू ही साधी मजकुराची फाइल, नोटपॅडमध्ये उघडते. पहिल्या ओळीत अवतरणचिन्हांत बिन फाइलचं नाव, खाली ट्रॅक ०१ आणि त्यापुढे 'मोड २/२३५२', मग ट्रॅक ०२ पासून 'ऑडिओ' लिहिलेल्या ओळी. यावरून दोन गोष्टी लगेच कळतात. ऑडिओच्या ओळीच नसतील तर त्या डिस्कवर वेगळी गाणी नव्हतीच किंवा कॉपी अर्धवट आहे. आणि बिनचं नाव तुम्ही नंतर बदललं असेल तर क्यूमधलं नाव जुनंच राहतं, मग एमुलेटर म्हणतो फाइल उघडत नाही. क्यूमध्ये हाताने नाव दुरुस्त करा, एवढाच इलाज. फोल्डर आणि फाइलींची नावं इंग्रजी अक्षरांत ठेवलेली बरी. काही जुन्या टूलना देवनागरी नाव पचत नाही.

युरोपातल्या काही डिस्कवर लिबक्रिप्ट नावाचं संरक्षण आहे. त्याची खूण सबचॅनलमध्ये, म्हणजे मुख्य डेटाशेजारच्या जास्तीच्या माहितीत, असते आणि साध्या बिनमध्ये ती येत नाही. गेम सुरू होतो, पुढे कुठेतरी गोठतो. तिथे क्यूशेजारी त्याच नावाची, ती खूण साठवणारी एसबीआय फाइल लागते.

जागा वाचवायची असेल तर सीएचडी, म्हणजे दाबून लहान केलेली एकच फाइल, करा. मेम या आर्केड गेमच्या एमुलेटरच्या पॅकेजमध्ये सीएचडीमॅन नावाचं टूल येतं. त्याला 'क्रिएटसीडी' आदेशाबरोबर इनपुट म्हणून क्यू द्यायची, बिन नव्हे. बिन दिली तर ट्रॅकची माहिती त्याला मिळणार कुठून? यात दर्जा कमी होत नाही, डेटा फक्त दाबून बसवला जातो. सीएचडी चालवून पाहिल्याशिवाय मूळ जोडी पुसू नका.

अनेक डिस्कांचे गेम, उदाहरणार्थ तीन डिस्कांचा फायनल फँटसी ७, यासाठी एम३यू यादी बनवा: साधी मजकुराची फाइल, दर ओळीला एका डिस्कच्या फाइलचं नाव. गेम म्हणून ती यादीच उघडा, म्हणजे डिस्क बदलायला मेनूतून निवड करता येते. इथे मेमरी कार्डाचा एक सापळा आहे. 'प्रत्येक गेमला वेगळं कार्ड' हे डिस्कच्या सिरीयल नंबरावर ठेवलं तर दुसऱ्या डिस्कचा नंबर वेगळा असल्याने समोर कोरं कार्ड येऊ शकतं. कार्ड गेमच्या नावावर ठेवा किंवा एकच सामाईक कार्ड वापरा. सामाईक कार्ड लवकर भरतं मात्र: मूळ कार्डासारखं ते १२८ किलोबाइटचं, त्यात १५ ब्लॉक. आणि सेव्ह स्टेटवर, म्हणजे एमुलेटर त्या क्षणाची जशीच्या तशी नोंद ठेवतो तिच्यावर, विसंबू नका. एमुलेटरची नवी आवृत्ती आली की जुनी स्टेट उघडेलच असं नाही. गेममधल्या सेव्ह पॉइंटवर कार्डात सेव्ह करत राहा.

आता डुगडुगणाऱ्या भिंती. हा संगणकाचा दोष नाही, प्लेस्टेशन तसंच होतं. त्याची ग्राफिक्स चिप त्रिकोणांचे कोपरे पूर्णांक पिक्सेलवर घेते, अपूर्णांक नाहीत. आणि टेक्स्चर (पृष्ठभागावर चिकटवलेलं चित्र) पसरवताना खोलीचा विचारच करत नाही. ३२० बाय २४० च्या चित्रात, जुन्या टीव्हीवर, ते खपून जायचं. चौपट रेझोल्यूशनला कडा स्वच्छ होतात आणि हेलकावे डोळ्यात भरतात. उपाय म्हणजे एमुलेटरमधली पीजीएक्सपी ही सुधारणा. तो कोपऱ्यांची दशांशातली किंमत लक्षात ठेवून चिपपर्यंत पोहोचवतो. 'भूमिती दुरुस्ती' आणि 'टेक्स्चर दुरुस्ती' चालू करा. त्याखालचा सीपीयू मोड बंदच ठेवा: जड आहे आणि मोजक्याच गेमना लागतो. एखाद्या गेममध्ये तुकडे उडताना दिसले तर फक्त त्या गेमच्या गुणधर्मांत पीजीएक्सपी बंद करा, सगळीकडे नको.

रेझोल्यूशन किती? पूर्ण त्रिमितीय गेमला चौपट, म्हणजे साधारण १२८० बाय ९६०, उत्तम दिसतं. पण आधीच काढून ठेवलेली पार्श्वभूमी असलेल्या गेममध्ये, फायनल फँटसी ७ त्यातलाच, पात्रं काचेसारखी स्वच्छ आणि मागची खोली खरबरीत, असं विजोड चित्र होतं. तिथे दुप्पट पुरे. गुणोत्तर ४:३ च ठेवा; वाइडस्क्रीनची युक्ती वापरली तर कडेच्या वस्तू अचानक गायब होतात, कारण गेमला तिथे कोणी बघतंय हेच माहीत नसतं. चित्र कुठेही विचित्र वाटलं तर रेंडरर (चित्र काढणारा भाग) 'सॉफ्टवेअर'वर नेऊन बघा. तिथे ठीक दिसलं तर दोष सुधारणांचा, तिथेही तसंच तर कॉपीचा किंवा मूळ गेमचा.

आवाज तडतडत असेल तर ऑडिओ बफर थोडा वाढवा. युरोपची डिस्क सेकंदाला ५० चित्रांची असते आणि ६० हर्ट्झच्या पडद्यावर ती अडखळतेच. पर्याय असेल तर अमेरिकेची किंवा जपानची आवृत्ती घ्या.

कंट्रोलर जोडला की त्याच्या बटणांचा नकाशा (कोणतं बटण कशासाठी) आपोआप बसवता येतो. एक बटण दोनदा दाबल्यासारखं वागलं तर मागे स्टीम हा गेम-दुकानाचा प्रोग्रॅम चालू आहे का पाहा, तो स्वतःचा नकाशा मधे घुसवतो. अॅनालॉग काठी येण्याआधीच्या गेमना अॅनालॉग मोड कळत नाही. गेम बटणांना दादच देत नसेल तर कंट्रोलरचा प्रकार साधा 'डिजिटल' करा. आणि मेटल गिअर सॉलिड खेळणार असाल तर दुसऱ्या पोर्टलाही तोच कंट्रोलर जोडण्याची तयारी ठेवा. त्यातल्या सायको मँटिस या शत्रूशी लढताना गेम तुम्हाला केबल दुसऱ्या पोर्टात घालायला लावतो, आणि इथे केबल नाही, सेटिंगचं पान आहे.