नोकरी लगेच सोडू नकोस

नोकरी सोडून छोट्या, कमी पैशांच्या फिल्ममध्ये काम करू का, असं तू विचारलंस. लगेच सोडू नकोस, आधी हे वाच. गडकरी रंगायतनला तुझी एकांकिका पाहिली. आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोचतो. कॅमेऱ्यासमोर मात्र तोच आवाज जड जातो, कारण माईक छातीवर असतो आणि लेन्स हातभर अंतरावर. 'कोर्ट' हा मराठी चित्रपट पाहा. त्यातले प्रमुख कलाकार वीरा साथीदार व्यावसायिक नट नव्हते, पण नुसतं शांत बसून ते पडदा धरून ठेवतात. त्या चित्रपटाला २०१४ मध्ये व्हेनिस चित्रपट महोत्सवाच्या ओरिझोंती या नव्या धाटणीच्या चित्रपटांच्या विभागात सर्वोत्तम चित्रपटाचा पुरस्कार मिळाला.

पैशांचं आधीच बोल. 'फिल्म विकली की देऊ' असं कुणी म्हणालं तर ते कागदावर घे, आणि किती दिवसांचं शूट, डबिंग धरून की वेगळं, हेही. मी माझ्या पहिल्या फिल्मला काहीच लिहून घेतलं नव्हतं. अकरा रात्री काम केलं, पैसे सोड, स्वतःचे सीनसुद्धा हाती लागले नाहीत. म्हणून शोरीलसाठी (आपलं काम दाखवणाऱ्या छोट्या व्हिडिओसाठी) दोन सीन मिळतील, ही अट घालच. फक्त महोत्सवात फिल्मचा पहिला खेळ होईपर्यंत ते ऑनलाइन कुठे टाकू नकोस, काही महोत्सव तेवढ्यावरून फिल्म नाकारतात.

कंटिन्युइटीला, म्हणजे एका शॉटमधले कपडे-केस पुढच्या शॉटमध्ये तसेच आहेत ना हे बघायला, अशा फिल्ममध्ये वेगळा माणूस बहुधा नसतो. प्रत्येक शॉटनंतर कपड्यांचा, केसांचा फोटो स्वतः काढ.

आणि रात्रीचं शूट असेल तर ठाण्याची शेवटची लोकल चुकल्यावर घरी कसं सोडणार, हे होकार देण्याआधी विचार. संकोच करू नकोस गं, चांगले दिग्दर्शक याची सोय आधीच करून ठेवतात.